दार कोण वाजवतंय?

रेडिओच्या नाटकांना आवाज पुरवण्यात कुरकुरमामांचा हात धरणारं कुणी नव्हतं. मोडक्या खुर्चीच्या पाठीतून ते तुरुंगाचं दार करकरवत, ओल्या वर्तमानपत्रातून चिखलातली पावलं काढत. कुरकुर काय ती खुर्चीची. स्वभावात नावाला नाही. संगणक कानामागून आला आणि तिखट झाला, एका बटणात हजार दारं उघडू लागला, तेव्हाही मामा निमूटपणे घरी बसले.

त्यांची भाची मोबाइलवर मालिका दाखवणाऱ्या कंपनीत होती. एक दिवस ती म्हणाली, "मामा, ज्यांना ऐकू येत नाही, तेही आमच्या मालिका बघतात. त्यांच्यासाठी पडद्यावर आवाज लिहायचेत. लिहाल?"

"जन्मभर ऐकवले," मामा हसले, "आता लिहून बघू."

पहिल्याच मालिकेत त्यांनी झोकात लिहिलं, 'दारावर थाप.' 'करुण संगीत.' आठवड्याभरात एका प्रेक्षक बाईंचा निरोप आला. 'सगळे दाराकडे बघतात, म्हणजे थाप पडली हे आम्हाला कळतंच. पण पाहुण्याची की पोलिसांची? आणि करुण म्हणजे कसं?'

दुसरा कुणी फणकारला असता. मामांना मात्र राहवेना. भाचीकडून बाईंना विचारून घेऊन ते थेट त्यांच्या दुकानात गेले. बाई शिवणकाम करायच्या, जन्मापासून बहिऱ्या. बोलणं वहीवर लिहून चाललं.

'मशीन बिघडलं तर कसं कळतं?' मामांनी लिहिलं.

बाईंनी त्यांचा तळवा मशीनच्या फळीवर दाबून धरला आणि पायाने मशीन चालवलं. मग सुई बदलून बोथट सुई लावली, पुन्हा चालवलं. मामांना आधी काहीच कळेना. कान मध्ये मध्ये करत होते. पाव तासाने एकदम थरथरीतला फरक हाताला लागला आणि ते लहान मुलासारखे ओरडले, "अरेच्चा!" ते बाईंना न ऐकताच समजलं.

घरी येऊन त्यांनी थापेवर दोन ओळी लिहिल्या. भाचीने कपाळाला हात लावला. "मामा, वाचायला दोन सेकंद मिळतात! कादंबरी नको."

घासाघीस होऊन तीन-चार शब्दांवर तडजोड झाली. मग पडद्यावर आलं, 'भीत भीत टकटक.' 'मुठीने धडाधड.' 'एकटी बासरी, अडखळत.' बाईंनी कळवलं, 'आता कळलं, मालिकेत त्या टकटकीला आईच्या आधी मुलगी का उठली.' नवल म्हणजे, ऐकू येणारी मंडळीही गर्दीत, बसमध्ये आवाज बंद करून हीच अक्षरं वाचू लागली.

मग बाईंचा नवा प्रश्न आला, 'धुकं उतरताना आवाज होतो?'

मामा धुकं पडायची वाट बघू लागले. धुक्याच्या एका पहाटे ते फाटकापाशी जाऊन उभे राहिले.

"काय हरवलं?" शेजाऱ्याने विचारलं.

"शू! ऐकतोय."

बऱ्याच वेळाने आत येऊन त्यांनी लिहिलं, 'होत नाही. पण बाकीचे आवाज जरा लांब जाऊन उभे राहतात.'