मराठीत दिलेला जबाब

डॉक्टरांविरुद्ध तक्रार आली की आमच्या आरोग्य कार्यालयात चौकशी समिती बसते आणि जबाब टाइप करायला मी. एरवी मी मान वर करत नाही. त्या दिवशी करावी लागली, कारण समोर आमचे डॉक्टरकाका होते. झाशीत आम्ही मराठी माणसं मूठभर, आणि बहुतेकांची नाडी त्यांनीच पाहिलेली. माझ्या टायफॉइडमध्ये ते रोज नगरा मोहल्ल्यातल्या आमच्या घरी येऊन उशाशी बसत.

तक्रार जवळच्या बबीना गावातल्या एका बाईची होती. काकांनी तिच्या मुलीच्या हाताला प्लास्टर घातलं, ते घट्ट बसलं आणि मुलीची दोन बोटं गेली. मुलगी शेजारीच होती, हात ओढणीखाली.

"मैंने फ़ोन पर बताया था, उँगलियाँ काली पड़ रही हैं," बाई म्हणाली.

"सिर्फ़ दर्द बताया था," काका म्हणाले. "मैंने तो तुरंत लाने को कहा था."

तिसरं कोणी ते बोलणं ऐकलेलं नव्हतं. सगळी चौकशी तिथेच अडली.

अध्यक्ष कागद चाळू लागले तेव्हा काका माझ्याकडे झुकले. "काळी पडल्याचं म्हणाली होती गं. मीच म्हटलं, उद्या बघू. हे लिहू नकोस हं, बाळ."

त्यात कावा नव्हता. मराठी म्हणजे घरातलं बोलणं, ते बाहेर जात नाही, हे आम्ही सगळेच धरून चालतो. मानिक चौकात दुकानदाराच्या तोंडावर त्याच्या साड्यांना नावं ठेवणारी मीही त्यातलीच.

"क्या कहा डॉक्टर साहब ने?" अध्यक्षांनी विचारलं.

बाई माझ्या तोंडाकडे बघत होती. खरं सांगते, मला काकांचा राग आला, आणि तो त्या 'बाळ'चा जास्त होता. मी त्यांचं बोलणं जसंच्या तसं हिंदीत सांगितलं आणि मग टाइप केलं. काकांनी चष्मा लावून कागद वाचला. नाकारता आलं असतं, पण त्यांनी सही केली.

पुढे त्यांची प्रॅक्टिस काही महिने बंद ठेवण्याचा आदेश आला. मला पश्चात्ताप नाही. वाईट मात्र वाटतं.

गेल्या गणपतीत आरतीनंतर प्रसाद घेताना ते समोर आले. मी वाकून नमस्कार केला.

"ख़ुश रहिए," ते म्हणाले. "घर में सब ठीक हैं न आपके?"