सुमेधाताईंचा बुधवार

अमेरिकेत, पिस्कॅटवेला आमच्या बिल्डिंगमधल्या बायका बुधवारी दुपारी फोन उचलत नसत. तेव्हा सुमेधाताईंकडे जर्मन मालिका लागायची!

ताई पुण्यात चौदा वर्षं जर्मन शिकवत होत्या. २००१ साली नवऱ्यामागोमाग डिपेंडंट व्हिसावर इथे आल्या आणि कामाला बंदी म्हणून घरी बसल्या. सगळा राग भांड्यांवर निघे. मग म्युनिकच्या एका जुन्या विद्यार्थिनीने मालिका रेकॉर्ड करून डिस्क पाठवल्या. एक पोस्टमन, त्याची बडबडी बायको हेल्गा, तीन पोरं आणि शेजारची मैत्रीण उटा. सबटायटल्स नाहीत. ताई दर दोन वाक्यांना पॉज करून अर्थ सांगत आणि भाग संपला की, "आता कोण काय म्हणालं? शोभा, तू सांग!" मी वैतागायचे. मालिका बघायला आलेय की परीक्षेला? पण हेल्गा-उटाचं भांडण झालं तेव्हा घरी जाऊन रडलेही मीच.

२००७च्या शेवटी ताईंचं वर्क परमिट आलं आणि एका कॉलेजने डेमो लेक्चरला बोलावलं. नेमकं बुधवारी, दोन वाजता. त्याच दिवशी शेवटचा भाग! "मी आल्याशिवाय लावाल तर याद राखा," असं बजावून, माझ्याकडे किल्ली देऊन त्या गेल्या.

आम्ही एक वाजताच लावला. धीर कुणाला होता!

भांडणानंतर पहिल्यांदाच उटा हेल्गाच्या दारात उभी. हेल्गा काहीतरी म्हणाली आणि रेणू फस्सकन हसली. मग भावना, मग मी. पॉज कुणी केलंच नव्हतं, अर्थ सांगायला ताई नव्हत्या. आम्ही एकमेकींकडे बघतच राहिलो.

तेवढ्यात ताईंचा फोन, कॉलेजच्या पार्किंग लॉटमधून. "शोभा, मी परत येतेय. सहा वर्षांत एक क्लास घेतला नाही गं. नाही जमणार, कॅन्सल करते."

"ताई, थांबा! हेल्गा म्हणाली, आत ये, कॉफी चार महिन्यांपासून गार होतेय. बरोबर?"

"माझ्याशिवाय लावलात?"

"हो! आणि सगळं कळलं!"

"जर्मनमध्ये सांग."

मी सांगितलं. रेणूने मागून ओरडून माझी चूक काढली.

फोनमध्ये गाडीचं दार धाडकन लागलं, मग भराभर चालल्याचा आवाज.

"एकेकीला नंतर बघते," ताई म्हणाल्या. "आता ठेव फोन. माझा क्लास आहे."