कपाटामागचं स्टूल

गोदामातले हमाल त्याला पहिलवान म्हणत. पहाटे साडेचारला पहिलवानाचा दिवस सुरू होई. उजाडायच्या आत गोदामात हजेरी, मग दिवसभर पोती. पोतं पाठीवर घेताना जोर गुडघ्यांचा लावायचा, कंबरेचा नाही. म्हणून इतक्या वर्षांत त्याची कंबर शाबूत राहिली. पाठ टेकायची सोय मात्र नव्हती. छताला कॅमेरे होते. कोणी बसलं की मुकादमाचा फोन वाजे. पोत्यांच्या शेवटच्या थप्पीमागची जागा तेवढी कॅमेऱ्याला दिसत नसे. हमाल तिला माहेर म्हणत. ‘जरा माहेरी जाऊन येतो’ म्हणायचं, घोटभर पाणी प्यायचं, पाठ टेकायची. हे सांगून पहिलवान घरी आईला पोट धरून हसायला लावायचा.

मग आईकडून दोनदा गॅस उघडा राहिला. जादा पाळ्या करून त्याने घरात कॅमेरा बसवला. जेवणाच्या सुट्टीत तो फोनवर आईला बघे. शेजारी बसलेलेही माना वाकवत. एकदा ती कपडे गुडघ्यांवर सरकवून सुजलेल्या पायांना मलम चोळत होती.

“म्हातारी आखाड्यात उतरतेय रे,” कोणी म्हणालं. सगळे हसले. तोही हसला.

पुढे आई फोनवर दिसेनाशी होऊ लागली. एका दुपारी किती वेळ नुसती रिकामी खोली. अर्धी रजा टाकून तो घरी धावला. आई कपाटामागच्या सांदीत स्टूलवर बसून पायांना मलम लावत होती.

“अगं, इथे अंधारात काय करतेस? जीव टांगणीला लागला माझा.”

“माहेरी आलेय घटकाभर,” ती म्हणाली. “तुम्हा हमालांचंच ऐकून शिकले.”

त्याला हसू आलं नाही.

“त्या फोनमध्ये तू एकटाच बघतोस ना मला?” तिने विचारलं.

‘हो’ म्हणायला काही कष्ट नव्हते. त्याच्याच्याने म्हणवेना.

आईने मलमाचं झाकण लावलं आणि कपडे पायांवर ओढून घेतले. पोटच्या पोरासमोर.

“गॅसकडे बघायला खालच्या मजल्यावरच्या वहिनींना सांग,” ती म्हणाली. “त्या आधी हाक मारतात, मग आत येतात.”

कॅमेरा त्याने त्याच संध्याकाळी उतरवला. तरी आई कपाटामागेच जाऊन बसायची. आतल्या खोलीला नुसती चौकट होती. पुन्हा जादा पाळ्या केल्या, सुतार आणला. त्या घामाच्या पैशातून चौकटीला दार लागलं. कडी आतून.