कानाची मशिनं

कोपरीला स्टेशनजवळ आमचं कानाच्या मशीनचं छोटंसं सेंटर आहे. मी तिथे कान तपासते, मशीन बसवून देते. लोकांना वाटतं, बोअर काम असेल. अरे, नवऱ्याला घरी जाऊन रोज नवीन काहीतरी सांगते मी! ऐकू न येणारी माणसं बोलायला बसली ना, की थांबतच नाहीत.

*

डोंबिवलीचे दामले काका. रिटायर्ड, एकटेच राहतात. नवीन मशीन परत घेऊन आले.

"बिघडलंय हो हे. दिवसभर आवाजच येत नाही."

मी सगळं चेक केलं. मशीन एकदम ओके.

"काका, घरी कोण बोलतं तुमच्याशी?"

त्यांनी जरा विचार केला. "मुलगा आहे ना, बंगलोरला. रोज मेसेज करतो!"

*

माजिवड्याच्या नानांना मुलगा घेऊन आलेला. त्यांच्या शेतावर आता बिल्डिंगचे टॉवर उभे आहेत, घर माणसांनी भरलेलं. "हाक मारली तरी ओ देत नाहीत," मुलाची तक्रार. तपासलं, तर कान ठणठणीत!

नाना म्हणाले, "मना समदा आयकू येतं गो पोरी. ही सगली मोबाईलमदी. मी बोललो तं कोन मान वर करत नाय. मशीन यांना लाव!"

मुलाने मोबाईलमधून डोकं काढलं आणि मला विचारलं, "काय म्हणाले?"

*

मोहन्याच्या शिंदे आजींचं मशीन फोनला जोडलेलं. मुलीचा कॉल थेट कानात! आजी सांगत होत्या, एकदा भाजीच्या गाडीवर उभ्या असताना कॉल आला.

"खोकला कसा आहे?" आजींनी मुलीला विचारलं.

"बरा आहे मावशी, रात्री जरा येतो," भाजीवाला म्हणाला!

"मग?" मी विचारलं.

"मग काय! मुलीला मीटिंग होती, तिने ठेवला. आम्ही दोघं बोलत बसलो."

*

आमच्याकडे एक टेस्ट असते. पेशंटने केबिनमध्ये हेडफोन लावून बसायचं. मी काचेबाहेरून माईकवर एकेक शब्द बोलते, त्यांनी तो तसाच परत म्हणायचा. सावंत मावशी आलेल्या, एकट्याच.

"पाणी," मी म्हटलं.

"नको, आत्ताच प्यायले."

"मावशी, फक्त शब्द परत म्हणा हं. चहा."

"चालेल. साखर कमी."

मला हसू आवरेना. "मुलगी."

"नाशिकला दिली. कामात असते ग."

"खिडकी."

"बंदच असते. समोर बिल्डिंग झाली ना."

माझं हसू थांबलं. टेस्टचे शब्द बाजूला ठेवले, माईक जवळ ओढला.

"जेवण झालं?"

मावशी सरळ बसल्या. काचेतून माझ्याकडे नीट बघितलं आणि या वेळी तसंच परत म्हणाल्या,

"जेवण झालं?"