अंगठा बरा दिसतो

“मेंढरं वळणाऱ्यांच्या पोरीला तारखा मोजायला दिल्या. चूक माझीच.”

वकील सर माझ्याकडे बघून म्हणाले. समोर पक्षकार बसले होते, पिशोरचे एक शेतकरी. मी त्यांना मामा म्हणायचे. तेही आमच्यातलेच, धनगर. त्यांनी मान खाली घातली. सरांचा पुतण्या, ऑफिसातला ज्युनियर वकील, शेजारी मोबाइल बघत राहिला.

खरं सांगायचं तर मला काही वाटलं नाही. कानाजवळ काहीतरी बधिर झालं. पंखा फिरत होता, मी त्याच्याकडे बघत राहिले.

मी वकिलीच्या शेवटच्या वर्षाला आहे. घरातून कॉलेजला गेलेली पहिलीच. वडील अजून मेंढरं घेऊन फिरतात. मुकुंदवाडीत खोली करून राहते आणि अनुभव मिळावा म्हणून अदालत रोडवरच्या या ऑफिसात जात होते. वडील काय करतात हे सरांना पहिल्याच दिवशी मी सांगितलं होतं. अभिमानानं.

चूक अशी झाली होती. मामांच्या शेताची वाट शेजाऱ्यानं बंद केली होती. खालच्या कोर्टात मामा हरले. वर अपील करायला मुदत असते. निकालाची नक्कल मागितल्यापासून ती तयार होईपर्यंतचे दिवस मुदतीत धरत नाहीत. पण नक्कल तयार झाली की सूट संपते. मग ती कोर्टाच्या खिडकीवर पडून राहिली, तरी दिवस चालूच. आमची नक्कल पडून राहिली. पुतण्या लग्नाला गेला होता. परत आल्यावर त्यानं ती आणली आणि आणली त्या दिवसापर्यंत सूट धरली. कोर्टातल्या कारकुनानं अपील बघितलं आणि म्हणाला, “मुदत तर गेली की.”

त्या हिशेबाला मला कुणी हात लावू दिला नव्हता.

“म्हंजी वाट गेली का सायब?” मामांनी विचारलं.

“नाही हो. उशीर माफ करा म्हणून अर्ज देऊ.” मग सर मला म्हणाले, “शपथपत्र कर. नेहमीचा मजकूर टाक.”

नेहमीचा मजकूर म्हणजे हा: अर्जदार अडाणी व अशिक्षित असून खेडेगावात राहतो, त्यास कायद्याचे ज्ञान नाही, त्यामुळे तो वकिलांकडे वेळेत येऊ शकला नाही. नाव बदलायचं, गाव बदलायचं. झालं.

मी टाइप केलं. मामांनी खिशातलं पेन काढलं. ते सातवी शिकलेत, पेपर वाचतात.

“अगं, सही नको. अंगठा घे,” सर म्हणाले. “अशा अर्जावर अंगठा बरा दिसतो.”

पुतण्यानं शाईचं पॅड सरकवलं. मामांनी पेन परत खिशाला लावलं. काही न विचारता अंगठा पुढे केला. जणू त्यांना ही सवयच होती.

मला शिवी लागली नव्हती. हे लागलं.

“मामा, थांबा. वाचून दाखवते.”

मी वाचलं. ‘अडाणी’ आलं तेव्हा त्यांची मान खालीच होती. ‘वेळेत येऊ शकला नाही’ म्हटल्यावर मान वर केली.

“आसं कसं? निकाल लागला आन् म्या दुसऱ्याच दिशी आल्तो. तूच पाणी दिलं व्हतं मला.”

“व्हय मामा.”

या ऑफिसात मी नेहमी ‘हो’ म्हणायचे. जपून म्हणायचे. त्या दिवशी ‘व्हय’ निघालं.

सरांना म्हणाले, “ऑफिसकडून उशीर झाला असं लिहूया ना सर. कोर्ट तेही कारण धरतं.”

“माझ्या नावावर?” सर हसले. “तुला अनुभवाचं प्रमाणपत्र पाहिजे ना?”

मामा घाईनं म्हणाले, “पोरी, माझ्यापायी तुझं नुकसान नगं. आडाणी तर आडाणी. वाट मिळू दे.”

मी डगमगले. वाट त्यांची होती, माझी नव्हती. पण नक्कल मागायच्या अर्जावर मामांची सही होती, निकालानंतर लगेचची तारीख होती. समोरच्या वकिलानं तो एक कागद दाखवला असता, तर खोटी शपथ मामांच्या गळ्यात पडली असती. सरांच्या नाही. मी हे अडखळत सांगितलं.

“झालं तुझं? बाहेर हो,” सर म्हणाले.

मामांनी शाईचं पॅड बाजूला सारलं. मग म्हणाले, “सायब, माझे कागद द्या.”

आता त्यांचं काम दुसऱ्या वकीलबाई बघतात. नव्या अर्जात खरं कारण आहे. खाली मामांची सही आहे. सोबत माझं शपथपत्र आहे: मामा कधी आले, नक्कल कुठे पडून होती, कुणी कधी आणली. पुतण्याचा मेसेज आला, “एवढ्याशासाठी करिअर घालवतेस?” प्रमाणपत्र मिळालं नाही. अदालत रोडवरच्या दोन ऑफिसांनी जागा नाही म्हणून सांगितलं.

उशीर माफ होईल की नाही, माहीत नाही. वाट अजून बंद आहे. मामा वळसा घालून शेतात जातात. मला बरं वाटत नाही. वाईटही वाटत नाही.

पुढच्या तारखेला मी कोर्टात जाणार आहे. सर समोर बसलेले असले तरी. शपथपत्र मागे घे म्हणून घरापर्यंत निरोप आलाय. मी घेणार नाही. विचारलं तर सगळं नावानिशी सांगेन.

आणि वकिलीची सनद मिळाली की याच कोर्टात उभी राहीन.