कापडी विमानांचा तळ

जेवण झाल्यावर आरामखुर्चीत आडवा होतो. डोळा लागतोय, लागत नाहीये, तेवढ्यात गॅलरीची फरशी तळव्यांना पोळायला लागते. खाली बघतो तर वाळू. कुंड्यांच्या जागी एक काटेरी झाड आणि त्याला बांधलेल्या दोरीवर धुणं वाळत घालणारा माझा थोरला भाऊ, त्र्यंबकदादा. त्याला जाऊन अकरा वर्षं झाली. तब्येत बरीच सुधारलेली दिसते.

"वश्या, नुसता उभा राहू नकोस. चिमटे दे."

पलीकडे धावपट्टीवर सहा विमानं. बांबूची, वरून कापड ताणलेली. एकाहत्तरच्या लढाईत दादाचं हवाई दलातलं काम हेच: वाळवंटात खोटा तळ सजवायचा, म्हणजे बॉम्ब त्याच्यावर पडतील आणि खरा तळ वाचेल.

"विमानं समजलो. धुणं कशाला?"

"खोटं विमान कुणीही करेल. खोटी चड्डी कोण वाळत घालतो? वरचा वैमानिक ती बघूनच फसतो."

यावर मी एकदा सदर लिहिलं होतं, 'आमचे बंधू युद्धावर धुणं घेऊन गेले'. वाचक पोट धरून हसले. दादा त्यानंतर माझ्याशी कामापुरतंच बोलला. त्याच दोरीपाशी त्याचा सोबती कुरियन बॉम्बने गेला, हे मला दादाच्या तेराव्याला आलेल्या पाहुण्याकडून कळलं.

आता आम्ही छापखान्यात आहोत. यंत्रं धडधडतायत, पायाखाली वाळूच. दादा माझं सदर खळ लावून विमानाच्या पंखावर चिकटवतोय.

"कापड कमी पडलं," तो म्हणतो.

"दादा, मला माहीत नव्हतं रे."

"विचारलं होतंस?"

"नाही." मी खळीचा डबा पुढे सरकवतो. "माफ केलंस का?"

"कुरियन ते वाचून हसून गडाबडा लोळला असता. मला जमलं नाही."

वारा सुटतो. छापखान्याला छप्पर नाही. विमान जमीन सोडतंय आणि त्याची दोरी माझ्या हातात.

"धर!" दादा दोरीचं टोक घेतो, खुंटीला दोन वेढे देतो. "ही कुरियनची गाठ. ओढलीस की घट्ट होते, आत ढकललीस की सुटते."

"पुन्हा दाखव."

"एकदाच. आणि परत लिही, वश्या. हसव खुशाल. पण त्याचं नाव घाल."

जाग येते. चार वाजलेत. पांघरलेल्या पंच्याचं टोक खुर्चीच्या हाताला बांधलेलं आहे. बायको चहा आणून ठेवते आणि ते ओढून बघते. आणखी घट्ट होतं.

"ही कुणाची गाठ?"

"कुरियनची," मी म्हणतो आणि कागद मागतो.