आमची गाडी शेवटी का यायची

आणि मी काय चुकीचं बोलतो सांगा, भावांनो? आमचे आबा, म्हणजे वडील, आहेतच लई हळू. लहानपणापासून आमचं यावरूनच भांडण. ऊसतोडीला गेलो की टोळीतल्या सगळ्या बैलगाड्या कारखान्यावर पोचायच्या आणि आमची शेवटी. पोरं मला चिडवायची, "तुझ्या आबाचे बैल झोपेत चालत्यात." लई लाज वाटायची.

आज इकडं राजकोटला वेल्डिंगच्या दुकानात जेवायला बसलो, तेवढ्यात बहिणीनं फिल्म पाठवली. कॉलेजनं तिला घरच्यांवर करायला सांगितलीय. आमचं पाथर्डीकडचं अंगण, आई भाकरी थापतीय, आबा दोरी वळत बसलेत.

बहीण विचारती, "आबा, दादा म्हनतो तुमी लई हळू. खरंय का?"

आबा नुसते हसले. आईच बोलली, "अगं, त्यो वर उसाच्या मोळ्यांवर झोपायचा. गाडी उसळली तर पडंल, म्हनून ह्यांनी बैल कधी पळू दिलं न्हाईत. मुकादमाच्या शिव्या खाल्ल्या, पर पोराला उठवलं न्हाई."

मग आबा म्हणाले, "एकदा तर काय झालं..." आणि फिल्म तिथंच बंद! बहिणीच्या मोबाईलची मेमरी भरली.

डबा तसाच ठेवून मी आबांना फोन लावला. म्हणलं, "पुढं काय झालं?"

"सांगीन की सावकाश. घाई कशाची?"

तुमच्या वडलांनी तुम्हाला काय काय सांगितलंच नाही, कधी विचारलंय का? मी तर बहिणीला मेमरी कार्डासाठी आत्ताच पाठवतोय, सहाशे रुपये.